ओढ्याला मळी आली, अर्जही दिला, मग घोडं अडलं कुठे? प्रदूषणाच्या तक्रारीतल्या या चुका टाळा

‘आमच्या गावालगतच्या कारखान्यातून दूषित पाणी सोडण्यात येत असून नागरिकांच्या आरोग्यास धोका निर्माण झाला आहे. तरी मे. साहेबांनी त्वरित कार्यवाही करावी, ही नम्र विनंती.’ खाली पंचेचाळीस सह्या, सरपंचांचा शिक्का आणि मुख्यमंत्र्यांपासून तहसीलदारांपर्यंत आठ जणांना प्रत. हा अर्ज मला तोंडपाठ आहे. लोकांना प्रदूषणाच्या तक्रारी लिहून द्यायला लागलो तेव्हा सुरुवातीची तीन-चार वर्षं मीही हाच अर्ज लिहीत होतो, फक्त गावाचं नाव बदलायचं. उत्तरही ठरलेलं यायचं: ‘पाहणी केली असता तक्रारीत तथ्य आढळून आले नाही.’

तथ्य ओढ्यात होतं, अर्जात नव्हतं.

कायदाच नाही असं म्हणायची सोय महाराष्ट्रात तरी नाही. केंद्राचा पाणी कायदा १९७४ चा. त्याआधीच, १९६९ साली, आपल्या राज्याने जलप्रदूषणाचा स्वतःचा कायदा केला होता आणि १९७० मध्ये प्रदूषण नियंत्रण मंडळही उभं केलं होतं. पुढे १९८६ चा पर्यावरण संरक्षण कायदा आला, २०१० चा राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचा कायदा आला, कचऱ्याचे नियम आले. मंडळात माणसं कमी आहेत हे खरं, काही ठिकाणी इच्छाही कमी आहे हेही खरं. पण ज्या तक्रारी मी डोळ्यांदेखत वाया जाताना पाहिल्या, त्यातल्या बऱ्याचशा पहिल्या कागदावरच वाया गेल्या होत्या.

नुसतं ‘दूषित पाणी’ लिहून मोकळं होणं

मंडळाचा क्षेत्र अधिकारी येतो तो अर्जानंतर चार-आठ दिवसांनी, भर दुपारी, कारखान्याच्या मुख्य फाटकातून. पाणी सुटतं रात्री दोनला, मागच्या कुंपणाखालच्या मोरीतून. ती मोरी कुठे आहे हे अर्जात नसेल तर तो बिचारा काय पाहणार? त्याला चहा मिळतो, सांडपाणी प्रक्रियेच्या टाक्या दाखवतात, त्या दिवशी त्या चालू असतात.

आता हे वाक्य बघा: ‘कारखान्याच्या मागील कुंपणाखालून गट क्र. २१४ च्या उत्तर बांधालगत निघणाऱ्या नऊ इंची सिमेंट पाइपमधून दि. ११, १४ व १९ रोजी रात्री १ ते ४ या वेळेत काळपट, कुजक्या गुळासारख्या वासाचे पाणी ओढ्यात आले. पाइपच्या वरच्या अंगाला ओढ्याचे पाणी नितळ होते.’ यात विशेषणं मोजकीच, पण अधिकाऱ्याला टाळता येण्यासारखं काही नाही. गट नंबर सातबाऱ्यावर आहे, पाइप जागेवर आहे. आणि शेवटचं वाक्य सगळ्यात मोलाचं. वरच्या अंगाला चांगलं, खालच्या अंगाला वाईट, हे दाखवलं नाही तर ‘पाणी वरूनच तसं येतं, वर आणखी तीन कारखाने आहेत’ हे उत्तर तयार असतं.

एक साधी वही करा. तारीख, वेळ, रंग, वास, फेस, मेलेले मासे, कोण हजर होतं. रोज नाही जमलं तरी ज्या दिवशी काही दिसेल त्याच दिवशी लिहा. आठवून एका बैठकीत लिहिलेली वही ओळखू येते. सगळीकडे एकच पेन असतं.

फोटोंच्या बाबतीत एकच चूक दहांपैकी नऊ जण करतात. फोटो काढतात, व्हॉट्सॲपच्या ग्रुपवर टाकतात आणि फोनमधला मूळ फोटो जागा पुरत नाही म्हणून पुसतात. व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून पाठवला की त्याच्या पोटातली वेळेची आणि ठिकाणाची नोंद निघून जाते. पाठवायचाच तर डॉक्युमेंट म्हणून पाठवा, आणि मूळ फाइल ज्या फोनने काढली त्या फोनमध्ये राहू द्या. प्रकरण कोर्टात गेलं तर भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागतं, आणि ते देताना फोन कोणाचा, फोटो कधीचा हे सांगावं लागतं.

आणि फोटोच्या नादात टँकरच्या जवळ जाऊ नका. नोव्हेंबर २०१४ च्या शेवटी उल्हासनगरला वालधुनी नदीत टँकरमधून रसायन ओतलं गेलं आणि त्यातून उठलेल्या वायूने काठावरच्या वस्तीतले शेकडो लोक दवाखान्यात गेले. सडक्या अंड्यासारखा वास येणारा हायड्रोजन सल्फाइड वाढला की नाक बधिर होतं. वास ‘गेला’ असं वाटतं आणि माणूस पुढे सरकतो. वाऱ्याच्या वरच्या अंगाला, लांब उभं राहून टँकरचा नंबर आणि वेळ टिपली तरी काम झालं. तिथूनच ११२ ला फोन करा. पोलिसांच्या नोंदीत आलेली वेळ नंतर फार उपयोगी पडते.

संमतीपत्र न वाचताच भांडायला जाणं

कुठलाही कारखाना, डिस्टिलरी, कापड प्रोसेस, कत्तलखाना, मोठं हॉस्पिटल, इतकंच काय नगरपालिकेचा मैलापाणी प्रकल्पसुद्धा, सांडपाणी सोडायचं तर मंडळाची संमती घेतल्याशिवाय चालवता येत नाही. पाणी कायद्याचं कलम २५. उभारणीची संमती वेगळी आणि चालवण्याची वेगळी; चालवण्याची ठरावीक वर्षांनी नव्याने घ्यावी लागते. लोकांना हे ऐकून माहीत असतं, पण तो कागद वाचलेला कोणीच नसतो. आणि सगळ्या प्रकरणाचं मर्म त्याच कागदात असतं.

त्यात काय असतं? दिवसाला किती घनमीटर सांडपाणी तयार व्हायला परवानगी आहे, ते कुठे सोडायचं (सामूहिक प्रक्रिया केंद्राला, स्वतःच्याच आवारातल्या झाडांना, नदीला, की कुठेच नाही), त्यातले घटक कोणत्या मर्यादेत हवेत, घातक कचरा कोणत्या प्रकारचा आणि वर्षाला किती, तो कुठे पाठवायचा, आणि संमतीची मुदत कधी संपते. उत्पादनाचं नाव आणि महिन्याचं प्रमाणही असतं. मुदत संपलेली असणं आणि उत्पादन परवानगीपेक्षा जास्त असणं या दोन गोष्टी मी इतक्या वेळा पाहिल्यात की आता पहिल्यांदा तिथेच बोट ठेवतो.

आता यातली खरी मेख सांगतो. बऱ्याच डिस्टिलरींच्या संमतीत ‘शून्य विसर्ग’ अशी अट असते. म्हणजे मळीचं पाणी आटवून जाळायचं किंवा खत करायचं. आवाराबाहेर थेंबही जाता कामा नये. अशा ठिकाणी लोक बाटल्या भरून प्रयोगशाळा शोधत फिरतात, बीओडी (पाण्यातल्या कुजणाऱ्या घाणीचं माप) किती आला यावर वाद घालतात. अहो, तिथे बीओडी शून्य आला तरी अट मोडलीच! पाइपमधून पाणी बाहेर आलं एवढंच सिद्ध करायचं असतं, आणि ते फोटो, पंचनामा आणि दोन साक्षीदार करू शकतात. संमतीपत्र न वाचल्यामुळे माणसं सोपं प्रकरण अवघड करून घेतात ते असं.

‘पण तो कागद आम्हाला कोण देणार?’ मंडळाच्या संकेतस्थळावर संमतीपत्रं सहसा सापडतात. नाही सापडलं तर कलम २५ मध्येच तरतूद आहे: मंडळाने संमतीच्या अटींची नोंदवही ठेवायची आणि त्या सांडपाण्याशी ज्याचा संबंध येतो किंवा ज्याला त्याची झळ बसते अशा कोणालाही ती कामाच्या वेळेत पाहू द्यायची. खालच्या अंगाला ज्याची विहीर आहे तो अर्थातच त्यात आला. तरीही टोलवाटोलवी झाली तर माहिती अधिकार आहेच.

माहिती अधिकाराचा अर्ज करतानाही तेच. ‘सदर कारखान्याबाबत सर्व माहिती मिळावी’ असं लिहिलं की उत्तर येतं, माहिती विस्तृत असल्याने कार्यालयात येऊन पाहावी. महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि साधारण दीडशे शब्द, अशी अट आहे. म्हणून नेमकं मागा: चालू संमतीपत्राची प्रत, गेल्या दोन वर्षांतले पाहणी अहवाल, जेव्हीएस नमुन्यांचे निकाल (मंडळाने कारखान्याच्या माणसासमोर घेतलेल्या नमुन्यांना तिथे सगळे जेव्हीएसच म्हणतात), दिलेल्या कारणे दाखवा नोटिसा, अटी पाळाव्यात म्हणून कारखान्याकडून बँक हमी किती घेतली आणि किती जप्त केली. शिवाय दरवर्षी ३० सप्टेंबरपर्यंत कारखान्याने मंडळाला पर्यावरण विवरणपत्र द्यायचं असतं, त्याचीही प्रत मागा. त्यात त्यांनी स्वतःच पाण्याचा वापर आणि उत्पादन लिहिलेलं असतं. दुसरीकडे एमआयडीसीकडे त्या कारखान्याच्या पाणीपुरवठ्याच्या बिलांची माहिती मागा. आत आलेलं पाणी दिवसाला ३०० घनमीटर, प्रक्रिया केंद्राला गेलेलं ४० घनमीटर, आणि मधलं कुठे गेलं याचा हिशेब धड लागत नाही, असं निघालं की कारखान्याच्या वकिलालाही बोलताना अडखळायला होतं. वाफ होऊन जातं, मालात मुरतं, हे काही प्रमाणात खरं असतं. पण किती, ते त्यांनी सांगायचं.

पेप्सीच्या बाटलीत नमुना आणि हातात टीडीएसचं पेन

हा भाग जरा सविस्तर, कारण इथे उत्साह सर्वांत जास्त आणि गोंधळही.

पाणी कायद्याच्या कलम २१ प्रमाणे नमुना घेण्याची एक रीत आहे. मंडळाचा अधिकारी कारखान्याला तिथल्या तिथे नोटीस देतो, त्यांच्या माणसासमोर पाणी घेतो, त्यांनी मागणी केली तर त्याचे दोन भाग करून दोन्ही बाटल्या सील करतो, दोघांच्या सह्या होतात. एक बाटली मंडळाच्या प्रयोगशाळेत, दुसरी सरकारने नेमलेल्या वेगळ्या प्रयोगशाळेत. ही रीत पाळली नाही तर तो निकाल त्या कायद्याखालच्या खटल्यात पुरावा म्हणून चालत नाही. मंडळाचेच नमुने या कारणाने बाद झाल्याची उदाहरणं आहेत, तिथे आपल्या बाटलीचं काय घेऊन बसलात!

म्हणजे आपण नमुना घ्यायचाच नाही का? घ्यायचा, पण तो कशासाठी हे डोक्यात पक्कं हवं. मंडळाला ‘इथे तातडीने नमुना घ्या’ असं पटवण्यासाठी तो उपयोगी आहे. हरित न्यायाधिकरणापुढेही तो ठेवता येतो, कारण न्यायाधिकरण पुराव्याच्या कायद्याने बांधलेलं नाही. मात्र तो घेताना निदान एवढं पाळा. मान्यताप्राप्त प्रयोगशाळेला आधी फोन करा आणि त्यांच्याच बाटल्या आणा. बीओडी म्हणजे पाण्यातली घाण कुजवताना जंतू किती प्राणवायू खातात त्याचं माप. बाटली उन्हात गाडीच्या डिकीत राहिली की ते कुजणं वाटेतच उरकतं आणि आकडा खाली येतो. म्हणून बर्फाच्या खोक्यात, अंधारात, त्याच दिवशी पोचवायचं. पाण्यात विरघळलेला प्राणवायू मोजायचा असेल तर तो जागेवरच रसायन घालून बांधावा लागतो. तीन तासांनी मोजलेला आकडा कशाचाच नसतो. दोन नमुने घ्या, पाइपच्या वरून एक आणि खालून एक. चिठ्ठीवर वेळ, जागा आणि घेणाऱ्याचं नाव लिहा.

मग निकाल येतो आणि पुढची चूक होते. सांडपाण्याचा निकाल पिण्याच्या पाण्याच्या निकषाशी ताडून बघतात. नदी-नाल्यात सोडायच्या सांडपाण्याला सर्वसाधारण मर्यादा आहे: बीओडी लिटरला ३० मिलीग्रॅम, सीओडी (रसायनाने मोजलेली एकूण घाण) २५०, तरंगता गाळ १००, सामू ५.५ ते ९. तेच पाणी जमिनीवर सिंचनाला सोडायचं असेल तर बीओडीची मर्यादा १००. सार्वजनिक गटाराला, जिथे पुढे प्रक्रिया होते, ३५०. म्हणजे पाणी कुठे सोडायची परवानगी आहे हे कळल्याशिवाय ८० हा आकडा दोषी की निर्दोष ते ठरतच नाही, आणि ते कळतं पुन्हा संमतीपत्रातून. एखाद्या कारखान्याला सर्वसाधारणपेक्षा कडक मर्यादाही घातलेली असू शकते.

टीडीएसच्या पेनाबद्दल तर काय सांगावं. घरच्या वॉटर प्युरिफायरवाल्याने दिलेलं पेन बोअरच्या पाण्यात बुडवतात, १४०० दिसतं, आणि ‘कारखान्याने विहिरी नासवल्या’ असा फलक तयार. सोलापूर, मराठवाड्याच्या कितीतरी भागात बोअरचं पाणी मुळातच क्षारांचं आहे. उसाला वर्षानुवर्षं पाणी आणि खत पाजलेल्या नदीकाठच्या जमिनीतही तेच. पेन फक्त क्षार मोजतं, ते कुठून आले हे सांगत नाही. विहिरीबद्दल बोलायचं तर भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेकडे त्या भागातल्या निरीक्षण विहिरींच्या जुन्या नोंदी असतात, त्या काढा. कारखाना येण्याआधी काय होतं आणि नंतर काय, हे दाखवता आलं तर त्याला वजन आहे.

जमिनीचं नुकसान झालं आणि कायदा मात्र पाण्याचाच लावला, किंवा लावलाच नाही

हवेचा कायदा आहे, पाण्याचा आहे, जमिनीचा स्वतंत्र नाही. म्हणून लोकांना वाटतं की शेतात गाळ टाकला तर फार तर पोलिसांत जायचं. तसं नाही. पाणी कायद्याच्या कलम २४ मध्ये ओढा, विहीर, गटार यांच्याबरोबर ‘जमिनीवर’ हा शब्दही आहे. शिवाय त्या कायद्यातली ‘प्रवाहा’ची व्याख्या वाचण्यासारखी आहे: सध्या कोरडा असलेला जलमार्गसुद्धा त्यात येतो, आणि जमिनीखालचं पाणीही. ‘हा ओढा तर आठ महिने कोरडाच असतो’ हा युक्तिवाद तिथेच संपतो.

घातक कचऱ्याचे २०१६ चे नियम हे दुसरं हत्यार. असा कचरा कारखान्याला साधारणपणे ९० दिवसांच्या वर आवारात साठवता येत नाही, आणि बाहेर पाठवताना प्रत्येक खेपेला मॅनिफेस्ट लागतं: कोणी पाठवला, कोणत्या गाडीने, किती, कुठे पोचला. आपल्याकडे तळोजा, रांजणगाव, बुटीबोरी इथे तो घेणारी केंद्रं आहेत. तुमच्या शिवारात रिकामा झालेल्या टँकरचा नंबर हाताशी असेल तर त्या तारखेचं त्या गाडीचं मॅनिफेस्ट मागता येतं. ते नसेल तर बेकायदा वाहतूक. असेल आणि त्यात ‘तळोजा’ लिहिलेलं असेल तर आणखी वाईट.

जुलै २०२५ मध्ये केंद्राने दूषित स्थळांच्या व्यवस्थापनाचे नियमही आणले. जिल्हा प्रशासनाने संशयित जागांची माहिती दर सहा महिन्यांनी द्यायची, मग प्राथमिक तपासणी, मग सविस्तर, आणि दूषित ठरली तर सफाईचा खर्च दूषित करणाऱ्याकडून. म्हणून जिल्हाधिकाऱ्यांना अर्ज करताना ‘ही जागा संशयित दूषित स्थळ म्हणून नोंदवावी’ अशी स्पष्ट मागणी घाला. गावाबाहेरचा कचरा डेपो, खाणीचा मलबा यांना हे नियम लागू नाहीत, त्यांचे वेगळे आहेत.

एक कटू गोष्टही लिहितो, कारण ती कोणी लिहीत नाही. पुष्कळदा टँकरवाल्याला शेतकऱ्यानेच बांधावर बोलावलेलं असतं. मळीचं पाणी फुकट, वर ‘पालाश भरपूर असतं काका, ऊस फुटतो बघा’. पहिल्या वर्षी फुटतोही. त्या पाण्याचा बीओडी चाळीस-पन्नास हजारांच्या घरात असू शकतो, क्षार वेगळेच. दोन-तीन हंगामांत जमीन काळी-चिकट होते, पाणी वरच साचतं आणि शेजाऱ्याच्या विहिरीला रंग येतो. खड्डा बुजवायला, रस्त्याच्या भरावाला म्हणून प्रक्रिया केंद्राचा गाळ घेणारेही आहेत. मग तक्रार करायची वेळ आली की कारखाना खिशातून त्याच शेतकऱ्याचं संमतीचं पत्र काढतो. सही करण्याआधी कोणाला तरी दाखवा एवढंच सांगू शकतो. सही केलेली असली तरी कारखान्याची सुटका होत नाही. शेतकऱ्याच्या परवानगीने संमतीपत्राची अट बदलत नाही.

नुकसानभरपाईसाठी पंचनामा लगेच हवा. तलाठी (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं), कृषी सहायक, दोन पंच. किती गुंठे, कोणतं पीक, कोणत्या अवस्थेत. जुलै २०२२ मध्ये नागपूरजवळ कोराडी वीज केंद्राचा खसाळा इथला राखेचा बंधारा फुटला आणि राख आजूबाजूच्या शेतांत, नाल्यांत गेली. असा प्रकार झाला की चार पावसांत वरची खूण धुऊन जाते. राहते ती कागदावरची. आणि माती तपासायला कृषी विज्ञान केंद्रात नेऊन ‘सामू, क्षारता, नत्र, स्फुरद, पालाश’ असा नेहमीचा अहवाल आणू नका. त्यात शिसं, क्रोमियम, कॅडमियम नसतातच. जड धातूंची तपासणी वेगळी सांगावी लागते, आणि शेजारच्या स्वच्छ शेतातला नमुना सोबत द्यावा लागतो.

चुकीचं दार

सगळं कारखान्यांवर ढकलणं ही आपली आवडती सवय. केंद्रीय मंडळाच्या २०२२ च्या अहवालात देशात प्रदूषित नदीपट्टे ३११ होते, त्यातले ५५ एकट्या महाराष्ट्रात, सर्व राज्यांत जास्त. त्यातला मोठा वाटा शहरांच्या मैलापाण्याचा. पाणी करडं, जलपर्णी माजलेली, वास गटाराचा, तर वर एखादी नगरपालिका आहे का बघा. तिलाही संमती लागते आणि तिच्यावरही तीच कलमं चालतात. ग्रामपंचायतीचं गटार असेल तर जिल्हा परिषद. वाळूउपसा हा महसूलचा विषय. आणि उघडीनागडी घाण, उकिरडा, साचलेलं गटार असं काही असेल तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली (जुनं कलम १३३) प्रांत किंवा तहसीलदारांकडे अर्ज करता येतो. ‘पैसे नाहीत’ ही नगरपालिकेची सबब सर्वोच्च न्यायालयाने रतलामच्या प्रकरणात १९८० सालीच फेटाळली आहे.

आठ जणांना प्रती पाठवू नका. प्रत्येकाला वाटतं बाकीचे सात बघतील. एक मुख्य अर्ज उपप्रादेशिक अधिकाऱ्याला, एक प्रत प्रादेशिक अधिकाऱ्याला, आणि आवक क्रमांकासह पोच. पोच नसेल तर अर्ज दिलाच नाही असं समजा.

अर्जात ‘सहा वर्षे सक्तमजुरी’ वगैरे जुन्या नमुन्यातून उतरवू नका. पर्यावरण संरक्षण कायद्यातली तुरुंगवासाची शिक्षा १ एप्रिल २०२४ पासून जाऊन १० हजार ते १५ लाख रुपयांचा दंड आला. पाणी कायद्यातही २०२४ मध्ये तसाच बदल झाला, पण तो आधी हिमाचल, राजस्थान आणि केंद्रशासित प्रदेशांना. बाकी राज्यांनी ठराव करून स्वीकारायचा. तुमच्या घटनेच्या तारखेला कोणती तरतूद लागू होती हे वकिलाला बघू द्या. तुम्ही घटना लिहा.

मुदतीचा सापळा

हरित न्यायाधिकरणाचं पश्चिम विभागाचं खंडपीठ पुण्यात आहे. वकील लागतोच असं नाही, स्वतः उभं राहता येतं. भरपाई मागितली नसेल तर अर्जाची फी हजार रुपये; मागितली असेल तर रकमेच्या एक टक्का, आणि दारिद्र्यरेषेखालच्या माणसाला फी नाही. पण कलम १४ खाली वादाचं कारण पहिल्यांदा घडल्यापासून सहा महिन्यांत जायचं, सबळ कारण असेल तर आणखी ६० दिवस. दोन वर्षं निवेदनं, उपोषण, पालकमंत्र्यांची बैठक यात घालवून मग येणारे गट मी पाहिलेत. निवेदनं दिल्याने मुदत थांबत नाही. भरपाई आणि जमीन-पाणी पूर्ववत करण्याची मागणी कलम १५ खाली येते, तिथे पाच वर्षं आहेत. नव्या प्रकल्पाच्या पर्यावरण मंजुरीविरुद्ध अपील मात्र ३० दिवसांत. जनसुनावणीला न जाता नंतर रागावण्यात अर्थ नाही. वन्यजीव किंवा झाडं तोडण्याचे राज्याचे कायदे न्यायाधिकरणाच्या यादीत नाहीत, तेही लक्षात असू द्या.

आणि वेळ लागतो, हे आधीच सांगून ठेवा गावाला. तारापूरच्या पट्ट्यातल्या मांगेला समाजाच्या मच्छीमारांनी २०१६ मध्ये खाडी-समुद्रातल्या प्रदूषणाविरुद्ध अर्ज केला, आणि शंभरावर कारखान्यांना भरपाईचा आदेश झाला जानेवारी २०२२ मध्ये.

तरीही अडलं तर

*अधिकारी येईपर्यंत पाणी वाहून गेलं.* नेहमीचंच. पण पाइपच्या तोंडाशी काळा थर, दगडांवरची चिकट साय, ओढ्याच्या तळचा गाळ राहतो. गाळाचा नमुना घ्यायची विनंती करा, पाहणीला स्वतः हजर राहा आणि पाहणी अहवालावर तुमचंही म्हणणं लिहून सही करा. कोरी सही नको. पहिल्या मोठ्या पावसाच्या रात्री तर जागेच राहा. साठवलेलं सगळं त्या रात्री पुरात मिसळून सोडायची चाल जुनी आहे.

*निकाल ‘मर्यादेत’ आला.* नमुना कुठून घेतला ते पाहा. प्रक्रिया केंद्राच्या शेवटच्या टाकीतून घेतला असेल तर तो तुमच्या मोरीबद्दल काहीच सांगत नाही. तेवढंच लिहून पुन्हा अर्ज करा.

*मंडळ हलतच नाही.* पाणी कायद्याच्या कलम ४९ मध्ये नागरिकाला स्वतः तक्रार दाखल करता येते, त्याआधी मंडळाला ६० दिवसांची नोटीस द्यावी लागते. अशी नोटीस गेली की धूळ खात पडलेल्या फायली हलतात, असा माझा अनुभव आहे. खटल्यापर्यंत फार थोडे जातात.

*तक्रारदाराचं नाव कारखान्याला कळलं.* कळतंच. निम्म्या गावाची पोरं तिथेच कामाला असतात, त्यामुळे त्रास बहुधा कारखान्यापेक्षा घरातूनच होतो. म्हणून मागणी ‘कारखाना बंद करा’ अशी लिहू नका; ‘संमतीपत्रातील अट क्र. अमुक पाळावी, ओढ्यातील गाळ काढावा, बाधित विहिरींना पर्यायी पाणी द्यावे’ असं लिहा. एकट्याच्या नावाने देऊ नका, ग्रामसभेचा ठराव जोडा.

*बंद झालं आणि पुन्हा सुरू झालं.* पाणी कायद्याच्या कलम ३३-अ खाली मंडळ वीज-पाणी तोडायचा आदेश देऊ शकतं, पण पुढे अटी घालून, बँक हमी घेऊन कारखाना परत सुरू होतो. त्या अटींची प्रत त्याच आठवड्यात काढा. पुढची तक्रार त्या अटींवर करायची असते, जुन्या घटनेवर नाही. आमच्या भागातल्या एका प्रकरणात तिसऱ्या खेपेला हमी जप्त झाली आणि मोरी सिमेंटने बुजवली. ओढा त्या वर्षी उन्हाळ्यापर्यंत वाहता होता, पोरं पोहली. पुढच्या मार्चमध्ये पलीकडच्या तालुक्यातून एका अनोळखी शेतकऱ्याचा फोन आला, रात्री टँकर येतो म्हणून. त्याने सांगितलेला गाडीचा नंबर माझ्या वहीत आधीच होता. मी त्याला विचारलं, गट नंबर काय तुमचा?